दर्या, दरिया आणि अरल

आठवीच्या वर्गात मी दर वर्षी जगातील सरोवरांवर दहा गुणांची तोंडी चाचणी घेते. पहिले प्रश्न सोपे. जगातील सर्वांत मोठे सरोवर? कॅस्पियन. सर्वांत खोल? रशियातील बैकल, १,६४२ मीटर. गोड्या पाण्याचे, क्षेत्रफळाने सर्वांत मोठे? उत्तर अमेरिकेतील सुपीरियर. मुले धडाधड उत्तरे देतात.

खरा अभ्यास सुरू होतो तो मुले अडतात तिथे. 'कॅस्पियन समुद्र म्हणतात, मग ते सरोवर कसे?' असे एखादी मुलगी विचारतेच. चारही बाजूंनी जमीन आणि महासागराकडे वाट नाही, म्हणून सरोवर. पाणी खारट असले तरी. अरबीत सरोवराला 'बुहैरा' म्हणतात, म्हणजे छोटा 'बहर', छोटा समुद्र. मोठ्या पाण्याला काय म्हणावे, हा गोंधळ जुनाच आहे.

पुढचा प्रश्न : अमू दर्या म्हणजे काय? मराठीत दर्या म्हणजे समुद्र, म्हणून अर्धा वर्ग 'समुद्र' म्हणतो. ज्यांच्या घरी नानी-दादी उर्दू बोलतात, ती मुले 'नदी' म्हणतात, आणि त्यांचेच बरोबर असते. दोन भाषा घरात असल्याचा हा फायदा!

मध्य आशियातील अमू दर्या आणि सिर दर्या या दोन नद्या अरल सरोवराला पाणी देत. १९६० मध्ये अरल जगातील चौथ्या क्रमांकाचे सरोवर होते, सुमारे ६८,००० चौरस किलोमीटर. मग सोव्हिएत काळात कापसाच्या शेतीसाठी नद्यांचे पाणी कालव्यांत वळवले गेले. सरोवर आटत गेले, पाणी अधिकाधिक खारट झाले, मासे मेले. उझबेकिस्तानातील मोयनाक हे मासेमारीचे बंदर होते. आज तिथे गंजलेल्या बोटी वाळूत उभ्या आहेत. उत्तरेकडे मात्र कझाकस्तानात २००५ मध्ये कोकअरल धरण पूर्ण झाले आणि त्या लहान भागात पाणी आणि मासे परतले.

म्हणून दहापैकी शेवटचे दोन गुण मी एकाच प्रश्नाला ठेवते : या सरोवरात पाणी कुठून येते आणि ते कोण वापरते? तुमचे मूल सरोवरांची नावे घोकत असेल, तर अम्मी-अब्बांनी रात्री दस्तरखानावर हाच प्रश्न विचारावा. नंतर आपल्या घरच्या नळाबद्दलही विचारावा. नावे परीक्षेनंतर विसरली जातील. पाण्याची वाट लक्षात राहील.