म्युनिकच्या बाजारात, चवीचवीने

"जर्मनीत शाकाहारी माणसाचे फार हाल होतात." निघण्यापूर्वी इंदूरमध्ये हे वाक्य इतक्या जणांकडून ऐकलं की बॅगेत कपड्यांपेक्षा दशम्या, मेतकूट आणि लवंगी शेवेची पाकिटंच जास्त झाली. लेक दोन वर्षांपासून म्युनिकला नोकरी करते. तिने मात्र आम्ही पोहोचायच्या आधीच एका खाद्यफेरीत आमची नावं घालून ठेवली होती. "आई, राजवाडे नंतर बघू. आधी इथली माणसं काय खातात ते बघ, म्हणजे गाव कळेल," असं तिचं म्हणणं. सराफ्यात रात्री बारा वाजता भुट्ट्याचा कीस खाऊन वाढलेली मुलगी दुसरं काय म्हणणार!

मे महिन्यातली सकाळ. दहा वाजता आम्ही मारियनप्लात्स या मुख्य चौकात जमलो. अकरा जणांचा गट होता. वाटाड्या म्हणजे सत्तरीच्या घरातले एक निवृत्त शिक्षक, जन्माने म्युनिककर. चौकासमोर नव्या नगरपालिकेचा मनोरा आहे. त्यावरच्या घड्याळात रोज अकरा आणि बारा वाजता 32 बाहुल्या फिरतात. 1568 सालच्या एका राजघराण्यातल्या लग्नाचा सोहळा आणि पिंपं बनवणाऱ्या कारागिरांचा नाच त्या करून दाखवतात. आजोबा म्हणाले, "ते नंतर बघा. आपल्याला बाराच्या आत एक काम उरकायचं आहे."

ते काम म्हणजे वाइसवुर्स्ट, पांढरं सॉसेज. वासराच्या आणि डुकराच्या मांसाचं हे सॉसेज गरम पाण्यात ठेवून, पाण्यासकट भांड्यात वाढतात. सोबत गोडसर मोहरीची चटणी आणि ब्रेत्सन. याने बाराच्या घंटा ऐकायच्या नाहीत, असा इथला दंडक आहे. कारण अगदी साधं आहे. फ्रिज नव्हते तेव्हा सकाळी ताजं केलेलं कच्चं सॉसेज दुपारपर्यंत टिकत नसे. आता फ्रिज आले तरी दंडक राहिला. आपल्याकडे पोहे-जिलेबी जशी सकाळचीच, तसं. 22 फेब्रुवारी 1857 रोजी याच चौकातल्या एका खाणावळीत ते पहिल्यांदा बनलं, अशी आख्यायिका सांगतात.

आमच्या घरी हे सामिष खातात, पण वासराचं मांस म्हटल्यावर त्यांनीही हात जोडले. आजोबांना त्याचं काही वाटलं नाही. गटातले बाकीचे ते कसं खातात ते आम्ही बघत बसलो. जुनी रीत म्हणजे टोकाला चावा घेऊन आतला ऐवज चोखून घ्यायचा, साल टाकून द्यायची. आंबा चोखून खाणाऱ्यांना हे वेगळं शिकवायला नको! मला लक्षात राहिला तो त्यातला मसाला. जायपत्री, आलं, लिंबाची साल आणि चक्क वेलदोडा.

हा वेलदोडा बव्हेरियात कुठून आला असेल? म्युनिकच्या शेजारचं आउग्सबुर्ग हे फुगर आणि वेल्झर या बड्या सावकार घराण्यांचं गाव. 1505 साली पोर्तुगालहून हिंदुस्थानकडे निघालेल्या आरमारात या घराण्यांनी मसाल्याच्या आशेने पैसा गुंतवला होता. त्याच आरमाराने आज गोव्यात मोडणाऱ्या अंजदीव बेटावर किल्ला बांधला. आउग्सबुर्गच्या पेढीत आणि आपल्या कोकण-मलबारच्या किनाऱ्यावर पाचशे वर्षांपूर्वी हिशेब चालत होते, हे समजल्यावर ती परकी थाळी थोडी ओळखीची वाटू लागली.

चौकातून दोन-तीन मिनिटं चाललं की फिक्तुआलिएनमार्क्ट लागतो. नाव भारदस्त असलं तरी अर्थ साधा आहे, खाद्यपदार्थांचा बाजार. पूर्वी मारियनप्लात्सवरच बाजार भरायचा. तिथे गर्दी मावेना, तेव्हा 1807 साली राजा माक्सिमिलियन योसेफने तो इथे हलवला. शंभराहून जास्त दुकानं, मधोमध निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा उंच मे-स्तंभ. भाज्या अशा रचलेल्या की हात लावायला मन होऊ नये, आणि लावायचाही नसतो. दुकानदाराला सांगायचं, तो उचलून देतो. पांढऱ्या शतावरीच्या जुड्यांचा हंगाम होता. या शतावरीला मातीखाली वाढवतात म्हणून ती पांढरी राहते, आणि 24 जूनला तिची काढणी थांबवतात, म्हणजे रोपाला पुढच्या वर्षासाठी जोर धरता येतो.

बाजारात अधूनमधून कारंजी आहेत. त्यांवर पुतळे आहेत ते राजांचे नाहीत. कार्ल फालेन्टीन, लीझल कार्लश्टाट अशा विनोदी नटांचे आणि लोकगायकांचे आहेत. बाजारातली माणसं त्यांच्या हातात ताजी फुलं ठेवतात. या सगळ्यांनी आपली कला म्युनिकच्या बोलीत केली, असं आजोबांनी जरा थांबून सांगितलं. ते का थांबले ते नंतर कळलं.

पावाच्या दुकानात मी खरी रमले. राईच्या काळसर पावात शहाजिऱ्यासारखं क्युमेल, बडीशेप आणि धणे असतात. पाव नाकाशी नेला की आपला मसाल्याचा डबा उघडल्यासारखं वाटतं. ब्रेत्सन म्हणजे हाताची घडी घातल्यासारख्या आकाराचा पाव. भाजण्यापूर्वी तो कॉस्टिक सोड्याच्या सौम्य द्रावणात बुडवतात. त्यानेच त्याला तपकिरी चकाकी आणि ती विशिष्ट चव येते. भट्टीत सोडा निवून जातो, त्यामुळे घाबरायचं कारण नाही. वर जाड मीठ. पोटाकडचा भाग मऊ, हात कुरकुरीत.

त्याच्याबरोबर ओबात्स्डा खायचं. जुनं झालेलं कामांबेर चीज, लोणी, कांदा, लाल मिरचीची गोडी पूड आणि क्युमेल हे सगळं कालवलेलं. शिल्लक चीज वाया जाऊ नये म्हणून निघालेली युक्ती. आणि तिसरी चीज राडी, म्हणजे मुळा! पांढराशुभ्र मुळा मळसूत्रासारखा कापून, मीठ लावून, पाणी सुटेपर्यंत ठेवतात. आमच्या ह्यांनी एक चकती तोंडात टाकली आणि म्हणाले, "अगं, हा तर आपला चोचवलेला मुळा. फक्त दही नाही."

गोडात श्माल्त्सनूडल घेतली. हाताने ताणलेली, मध्ये पापुद्र्यासारखी पातळ आणि कडेला फुगलेली तळलेली पुरी. जुन्या काळी बायका ती गुडघ्यावर ताणत, असं सांगतात. शाकाहारी मंडळींनी इथे एक प्रश्न न लाजता विचारायचा, "तळण कशातलं?" श्माल्त्स म्हणजे कढवलेलं लोणी, आपलं तूपही असतं आणि डुकराची चरबीही. आंबट कोबीत आणि बटाट्याच्या सॅलडमध्येही कधी कधी मांसाचे तुकडे किंवा मांसाचं पाणी असतं. उलट लेबरकेझ या नावात 'यकृत' आणि 'चीज' असे दोन शब्द आहेत, पण बव्हेरियात त्यात बहुधा दोन्ही नसतं. तो भाजलेल्या मांसाचा ठोकळा असतो. नावावर जाऊ नका.

बाजाराच्या मधोमध चेस्टनटच्या झाडांखाली बिअरबाग आहे. बिअरबाग म्हटलं की आपल्याकडे भुवया उंचावतात, पण इथे शेजारच्या बाकावर आजी, नातवंडं, कुत्रा असं सगळं कुटुंब बसलेलं असतं. या बागांची गोष्ट ऐकण्यासारखी आहे. आगीच्या भीतीने उन्हाळ्यात बिअर बनवायला बंदी होती. म्हणून वसंतात बनवलेली बिअर खोल तळघरात साठवायची आणि ते गार राहावं म्हणून वर सावलीची चेस्टनटची झाडं लावायची. मग लोक त्या सावलीतच बसून पिऊ लागले. गावातल्या खाणावळवाल्यांचं गिऱ्हाईक तुटलं, त्यांनी राजाकडे तक्रार नेली. 1812 साली त्याच माक्सिमिलियन योसेफने तोडगा काढला. बिअरवाल्यांनी बिअर विकावी, पावही द्यावा, पण बाकी जेवण विकायचं नाही. जेवण लोक घरून आणतील. आज बागेत जेवणही मिळतं, पण घरचा डबा घेऊन बसायचा हक्क कायम आहे, आणि 1999 च्या बव्हेरियन सरकारी नियमातही तो मान्य केलेला आहे.

हे ऐकताच लेकीने माझ्या पिशवीकडे बघितलं. टेबलक्लॉथ नसलेल्या बाकावर मी दशम्या आणि शेव काढली. राजाची परवानगी होतीच! ह्यांनी बिअर आणि लिंबू सरबत अर्धं-अर्धं असलेलं राडलर घेतलं, मी सफरचंदाचा रस सोड्यातून. आजोबांनी शेव चाखली, डोळ्यांत पाणी आलं तरी दुसऱ्यांदा हात पुढे केला.

तिथेच त्यांनी मघाची गोष्ट पुरी केली. बव्हेरियाची बोली प्रमाण जर्मनपेक्षा इतकी वेगळी की उत्तरेकडच्या माणसाला पटकन कळत नाही. युनेस्कोने तिची नोंद धोक्यात येऊ शकणाऱ्या भाषांमध्ये केली आहे. ते लहान असताना शाळेत "नीट जर्मन बोल" असं ऐकावं लागायचं. "मी पुढे शिक्षक झालो आणि मुलांना तेच सांगत राहिलो," ते म्हणाले. "आता माझी नातवंडं सुंदर प्रमाण जर्मन बोलतात. माझी बोली त्यांच्याकडे फक्त खाण्यापुरती उरली आहे. ब्रेत्सन, राडी, ओबात्स्डा. म्हणून मी ही फेरी काढतो. निदान एवढे शब्द तरी तोंडात राहावेत."

लेक एकदम गप्प झाली. पुण्याला वसतिगृहात असताना "मी येऊन राहिले" म्हटलं की मैत्रिणी हसायच्या. 'आलूची सब्जी' म्हटलं तरी हसायच्या. वर्षभरात तिने आपलं इंदुरी मराठी घडी करून ठेवून दिलं आणि पुण्याचं बोलू लागली. आम्हालाही तेव्हा वाटलं, बरं झालं, सुधारली. त्या बाकावर ती आजोबांना इंग्रजीत म्हणाली, "आमच्याकडेही असंच आहे. आम्ही दोनशे वर्षांपूर्वी होळकरांबरोबर माळव्यात आलो. आमची मराठी तिथल्या हवेने बदलली. ती चुकीची नाही, तिथली आहे." हे वाक्य मी तिच्या तोंडून प्रथमच ऐकलं.

फेरीचा शेवट एका जुन्या खाणावळीत झाला. लांबलचक सामाईक टेबलं, कोपऱ्यात नेहमीच्या गिऱ्हाइकांचं राखीव टेबल. मला सेमेलक्नोडल मिळाले. शिळे पाव दूध-अंड्यात भिजवून, कोथिंबिरीच्या भावंडासारखी पार्स्ली घालून, वळून उकडलेले गोळे, वर अळंब्यांचा दाट रस्सा. अंडं चालत असेल तर जरूर खा. शिळ्या पोळीचा कुस्करा करणाऱ्या प्रत्येक घराला हा पदार्थ समजेल. श्रीमंत दिसणाऱ्या या गावाचे निम्मे आवडते पदार्थ काही वाया जाऊ नये या काळजीतून आलेले आहेत.

तुमच्यापैकी कोणी शिकायला किंवा फिरायला तिकडे गेलं, तर तीन गोष्टी लक्षात ठेवा. रविवारी बाजार बंद असतो. थोडी रोख जवळ असू द्या. आणि शाकाहारी असाल तर नाव नोंदवतानाच कळवा, मग उपाशी राहायची वेळ येत नाही.

पण त्याआधी एक फेरी आपल्याच गावात करायला हरकत नाही. इंदूर असो, बडोदा, ग्वाल्हेर, हैदराबाद की बेळगाव, मंडळातल्या एखाद्या आजी-आजोबांना बरोबर घ्या आणि जुन्या बाजारातून दोन तास चाला. कुठल्या पदार्थाला घरी काय म्हणायचे, तो इथे आल्यावर कसा बदलला, ते विचारा आणि त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या. सुधारू नका. तो कागद या मासिकाकडे पाठवा. पुढच्या अंकात आपण तुमच्या गल्लीत फिरू.