आवाज दुसऱ्याचा, चेहरा तिबेरिओचा

चि. निखिल,


मालिकेतला तुझा हवालदार पाहिला. तोंड तुझं, आवाज भलत्याचाच! तू घर डोक्यावर घेतलंस म्हणे. ताईचा फोन आला होता. रागव खुशाल, पण काम सोडायची भाषा करण्याआधी तिबेरिओ मुर्जाबद्दल वाच.

मुर्जा १९२९ साली सार्डिनिया बेटावरच्या ओरिस्तानोत जन्मला. बेल्जियममध्ये कोळशाच्या खाणीत राबला, पुढे रोमच्या एका रेस्टॉरंटात भांडी विसळायला लागला. दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्ली तेव्हा ‘ई सोलिती इन्योती’ (१९५८) हा चित्रपट जुळवत होता. त्याला फेरीबोत्ते हवा होता: सिसिलीचा, संशयी, बहिणीला कुलपात ठेवणारा. तो मिळाला या भांडीवाल्यात. अभिनयाचा गंध नाही, बोली सिसिलीहून पार निराळी. पण इटलीत आवाज मागाहून भरायची सर्रास पद्धत होती. रेनातो कोमिनेत्तीने सिसिलियन ढंगात संवाद म्हटले आणि काम झालं. चित्रपटातल्या चोरांच्या टोळीतला बोलोन्याचा खादाड म्हातारा, कार्लो पिसाकाने, खरा नेपल्सचा. त्यालाही परका आवाज. कुलपातली बहीण म्हणजे ट्युनिसमध्ये वाढलेली क्लाउदिया कार्दिनाले. तिचीही तीच गत.

आता मुर्जाकडे पाहा. गासमन तोतरा बोलतो, तोतो तिजोरी फोडायचे धडे देतो, मास्त्रोयान्नी तान्हं पोर सांभाळत चोरीचे बेत करतो (आणि त्या पात्राचं नाव मुर्जाचंच, तिबेरिओ!). या दिग्गजांत मुर्जा करतो काय? जवळपास काहीच नाही. केस चापून बसवलेले, बारीक मिशी, भुवई ढळत नाही. निघालाय चोरीला, पण उभा असा की घराण्याची अब्रू आपल्याच खांद्यावर आहे. हसू येतं ते त्या उभं राहण्याचं. हे कोमिनेत्तीला माइकसमोरून देता आलं नसतं. तुझ्या हवालदाराचं उभं राहणं मात्र ढिलं होतं, हे मामा म्हणून सांगतो.

पुढचं फारसं गोड नाही. १९५९च्या ‘ला ग्रांदे गुएर्रा’त मुर्जा पुन्हा सिसिलियन, या वेळी सैनिक. व्हेनिसला त्या चित्रपटाला सुवर्णसिंह विभागून मिळाला. नंतर शंभराहून अधिक चित्रपट, आणि बहुतेकांत तोच तापट, संशयी सिसिलियन. १९८५ साली मूळ चित्रपटाचा पुढचा भाग निघाला, त्यातही तो फेरीबोत्तेच! एकदा खपलेला माल निर्माते पुन्हापुन्हा मागतात. भांडी विसळण्यापेक्षा हे बरं, असं म्हणता येईल. मला ते पुरेसं वाटत नाही. तुलाही हवालदारच देत राहतील. तिसऱ्यांदा विचारतील तेव्हा नाही म्हण, आत्ता नको.

रविवारी जेवायला ये. ‘ई सोलिती इन्योती’ मूळ इटालियनमध्येच बघू. सबटायटल्स इंग्रजी आहेत. ती वाचत बसलास तर मुर्जा हातचा जाईल.

तुझा,
मामा