उर्गाची बोली, टोकियोची वकिलात

नाउश्कीला रशियाची हद्द संपते आणि गाडी सेलेंगेच्या खोऱ्यातून मंगोलियात शिरते. रात्र उलटली की उलानबातर. १८९८ साली फिनिश भाषाभ्यासक गुस्ताफ जॉन रामस्टेट इकडे निघाला तेव्हा या वाटेवर रूळच नव्हते. फिनलंड अजून झारच्या अमलाखाली होता आणि उलानबातरचं नाव होतं उर्गा: मठ, नमद्याचे तंबू, लाकडी कुंपणं आणि जिकडेतिकडे लामा.

पोथीतली मंगोल भाषा युरोपातल्या पंडितांना ठाऊक होती. उर्गाच्या बाजारातली फारच थोड्यांना. पंचविशीतल्या रामस्टेटने तीच कान देऊन ऐकली आणि १९०२ मध्ये लिखित भाषा नि उर्गाची बोली यांची उच्चारांच्या अंगाने तुलना केली. लिहिणं आणि बोलणं यांतली तफावत आजही शहरात दिसते. २०२५ पासून सरकारी कागदपत्रांत सिरिलिकसोबत जुनी उभी लिपी सक्तीची झाली आहे. त्या लिपीत शहराचं नाव अक्षरशः वाचलं तर ‘उलागान बागातूर’ होतं. बसथांब्यावर माझ्या शेजारच्या आजी नातवाला काही बजावत होत्या. शब्दांच्या शेवटचे स्वर ओठांतच विरत होते. असं बोलणं ऐकून त्याचे नियम बांधायचे, तेही ध्वनिमुद्रणाची सोय जवळपास नसताना, याला किती चिकाटी लागली असेल!

अशा माणसाला नव्या स्वतंत्र फिनलंडने १९२० मध्ये आपला वकील म्हणून टोकियोला धाडलं, हे मला त्या छोट्या देशाचं शहाणपण वाटतं. जपानबरोबर चीन आणि सयामचं कामही त्याच्याकडेच होतं. १९२९ पर्यंत तो तिथे राहिला. वकिलातीचा व्याप सांभाळून विद्यापीठात व्याख्यानं दिली आणि टोकियोतच कोरियन शिकला. त्या भाषेचं त्याचं व्याकरण १९३९ मध्ये हेलसिंकीत छापलं गेलं. एस्परांतो या कृत्रिम भाषेचा तो कट्टर पुरस्कर्ताही होता. डिसेंबर १९२६ मध्ये केंजी मियाझावा हा तेव्हा फारसा कुणाला माहीत नसलेला कवी त्याला भेटला, तेव्हा एस्परांतोत लिहिण्याचा सल्ला रामस्टेटने दिला.

शेवटच्या दिवशी गंदन मठाची टेकडी चढले. आत अवलोकितेश्वराची २६.५ मीटर उंच उभी मूर्ती. मान पूर्ण मागे टाकल्याशिवाय चेहरा दिसत नाही. मूळ मूर्ती १९११ ते १९१३ मध्ये घडवली गेली. रामस्टेट १९१२ मध्ये पुन्हा मंगोलियात आला होता, म्हणजे तेव्हा हे काम चालू होतं. १९३८ मध्ये मूर्ती उतरवून नेली. त्याच सुमारास देशभरातले मठ पाडले गेले, हजारो लामांना गोळ्या घातल्या गेल्या. आजची मूर्ती १९९६ची.

असं पुसून टाकलेलं आठवताना तिथे मला रामस्टेटचा काल्मिक कोशही आठवला. १९०३ मध्ये तो व्होल्गाकाठच्या मंगोलवंशी काल्मिकांत गेला, त्यांच्या तोंडचे शब्द टिपून घेतले. कोश निघाला १९३५ मध्ये. आठच वर्षांनी, डिसेंबर १९४३ मध्ये, स्टालिनच्या सरकारने अख्खा काल्मिक समाज मालगाड्यांत कोंबून सायबेरियात नेऊन टाकला. वाटेतच माणसं मेली. १९५७ मध्ये परतायची मुभा मिळाली, तोवर कितीतरी मुलं रशियन बोलतच मोठी झाली होती. रामस्टेट १९५० मध्येच वारला होता. त्या उलथापालथीआधीचं काल्मिक बोलणं शोधायचं, तर अभ्यासकांना त्याचाच कोश उघडावा लागतो.