अन्न आणि अधिकार

ग्रंथकाराचे विचार नीट समजून घ्यावयाचे, तर त्याचे बालपण आधी पाहावे, असे मला वाटते. अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांच्याविषयी तर हे विशेषच खरे आहे. त्यांचा जन्म १९३३ साली शांतिनिकेतनात झाला. मातामह क्षितिमोहन सेन संस्कृतचे पंडित, वडील ढाक्क्यास रसायनशास्त्राचे अध्यापक. नाव ठेविले ते साक्षात् रवींद्रनाथांनी. अशा विद्यासंपन्न घरातील या बालकाने १९४३ सालचा बंगालचा दुष्काळ डोळ्यांनी पाहिला. पुढे ढाक्क्यास दंगलीच्या दिवसांत, हिंदू वस्तीत कामासाठी आलेला कादर मिया नावाचा मुसलमान मजूर सुऱ्याचे वार खाऊन त्यांच्या अंगणात आला. बायको नको म्हणत होती. पण घरात अन्न नव्हते, म्हणून तो बाहेर पडला होता. तो वाचला नाही.

१९८१ साली प्रसिद्ध झालेल्या ‘पॉव्हर्टी अँड फॅमिन्स’ या ग्रंथात सेन यांनी दाखविले की, १९४३ साली बंगालमध्ये १९४१ पेक्षा कमी धान्य नव्हते. तरीही, त्यांच्या हिशेबाने, जवळजवळ ३० लाख माणसे दगावली. युद्धखर्चाने भाव भडकले, आणि शेतमजूर व कोळी यांची मिळकत मागे राहिली. कोठार भरलेले असणे निराळे, आणि त्यातील घासावर आपला अधिकार चालणे निराळे! १९९८ साली त्यांस अर्थशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले.

२००९ सालच्या ‘दि आयडिया ऑफ जस्टिस’ या ग्रंथात त्यांनी ‘नीति’ आणि ‘न्याय’ या संस्कृत शब्दांतील भेद मांडला आहे. नीति म्हणजे नियमांची व संस्थांची यथायोग्य मांडणी. न्याय म्हणजे त्या मांडणीतून माणसांच्या वाट्यास प्रत्यक्ष येते ते. हे शब्द वर्षानुवर्षे शिकविलेल्या मजसारख्यास हा विवेक फार मार्मिक वाटला.

१९९० साली त्यांनी असेही लिहिले की, आहार व औषधोपचार यांतील उपेक्षेमुळे जगातील १० कोटींहून अधिक स्त्रिया नाहीशा झाल्या आहेत. येथे हा विषय आपल्या माजघरात येतो. एकत्र कुटुंबाची नीति उत्तमच: एकाची मिळकत सर्वांची, वृद्धांस मान, पोरक्यास आसरा. परंतु साऱ्या पंगती उठल्यावर जी सून उरलेसुरले वाढून घेते, तिच्या पानावर तूप पडते काय? तिचे दुखणे वैद्यास केव्हा दाखविले जाते? घरात न्याय आहे की नाही, हे ज्यास जाणावयाचे असेल, त्याने ते शेवटचे पान एकदा पाहावे.