बनावट पत्रं, खरी कळकळ

मराठी रहस्यकथेचं ऋण मी मोकळेपणाने मानतो. बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार आणि काळापहाड, गुरुनाथ नाईकांचा कॅप्टन दीप, सुहास शिरवळकरांचा दारा बुलंद यांनी आमच्यासारख्या कितीतरी कोल्हापूरकर पोरांना वाचनाची चटक लावली. वाचनालयातून आणलेल्या त्या पुस्तकांची मुखपृष्ठं चिकटपट्टीने जोडलेली असत आणि शेवटची दोन-चार पानं बऱ्याचदा गळालेली असत. तरी शेवट काय झाला असेल, याची कुणाला फारशी चिंता नसे. झुंजार जिंकलेला असणार, हे ठरलेलंच. तो कायद्याबाहेर वागला तरी मनाचा निर्मळ आहे, याची ग्वाही लेखकाने आपल्याला आधीच देऊन ठेवलेली असे.

पुढे जॉन ल कारे हाती लागला आणि ही निश्चिंती गेली. ल कारे हा स्वतः ब्रिटिश गुप्तचर खात्यात नोकरी केलेला माणूस. त्याची ‘द स्पाय हू केम इन फ्रॉम द कोल्ड’ ही कादंबरी १९६३ ची. तिच्यातला लीमस पूर्व जर्मनीत जातो तो मुंट नावाच्या क्रूर अधिकाऱ्याला त्याच्याच लोकांसमोर फितूर ठरवायला. पुरावे रचलेले, साक्ष पढवलेली. शेवटाकडे कळतं की मुंट खरोखरच लंडनचा माणूस आहे. हा सारा खटाटोप त्याला वाचवण्यासाठी आणि त्याच्यावर रास्त संशय घेणाऱ्या फीडलर या प्रामाणिक माणसाचा काटा काढण्यासाठी होता. लीमसला यातलं काही ठाऊक नव्हतं. त्या पुस्तकातली एक गोष्ट माझ्या मनातून गेली नाही: खोटा पुरावा वाहून नेणारा माणूस मनाने पूर्ण खरा असू शकतो.

अशी एक गोष्ट आमच्या गावाच्या नावावर त्याच्याही ऐंशी वर्षं आधी जमा झालेली आहे. शाळेच्या पुस्तकात ती दोन ओळींत उरकतात: कोल्हापूर प्रकरणात टिळक-आगरकरांना डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवसांची कैद झाली. धडा पाठ होतो, मुलं पुढच्या प्रश्नाकडे वळतात. मला मात्र या दोन ओळी मराठीतल्या अनेक थरारकथांपेक्षा जास्त अस्वस्थ करतात.

दुसरे राजाराम महाराज युरोपच्या प्रवासात ३० नोव्हेंबर १८७० रोजी फ्लॉरेन्सला वारले. गादीसाठी दत्तक घेतलेल्या मुलाचं नाव शिवाजी ठेवलं गेलं. कोल्हापूरच्या गादीवरचे हे चौथे शिवाजी. जन्म १८६३ चा, म्हणजे गादीवर आले तेव्हा वय जेमतेम आठ. राज्य पोलिटिकल एजंटाच्या देखरेखीखाली, दरबारचे कारभारी रावबहादूर महादेव वासुदेव बर्वे, आणि बालराजाभोवती पहारा गोऱ्यांचा. मुलगा वयात येऊ लागला तशी दोन गोष्टींची चर्चा सुरू झाली. सरकार म्हणे, महाराजांच्या डोक्यावर परिणाम झाला आहे. लोक म्हणत, महाराजांचा छळ चालला आहे. त्यांना वेड लागलेलं नाही, ते लावलं जातं आहे.

याच काळात कसबा बावड्याच्या वाटेवर नवा राजवाडा उभा राहत होता. १८७७ ला सुरू झालेलं ते बांधकाम १८८४ ला पुरं झालं. आज पर्यटक तिथे संग्रहालय बघायला येतात, घड्याळाच्या मनोऱ्याखाली उभं राहून फोटो काढतात. काळ्या दगडाची ती घडाई खरोखर देखणी आहे. पण मला तिथे दर वेळी त्या सात वर्षांचा हिशेब आठवतो. ज्या राजाच्या कारकिर्दीत या भिंती चढत गेल्या, तो त्याच वर्षांत एकेक करून आपली माणसं, आपलं गाव आणि आपल्या मनावरचा आपला हक्क गमावत होता. वाडा पुरा झाला तेव्हा तो हयात नव्हता.

पुण्यात ‘केसरी’ आणि ‘मराठा’ १८८१ च्या जानेवारीत सुरू झाले. आगरकर आणि टिळक, दोघेही पंचविशीतले. कोल्हापूरच्या महाराजांची हकीकत कानावर आली तसे ते पेटून उठले. त्यांनी बर्व्यांवर कडाडून टीका केली. मग काही पत्रं पुढे आली. ती बर्व्यांचीच म्हणून छापली गेली आणि महाराजांविरुद्धच्या कारस्थानात कारभाऱ्यांचा हात आहे, असं त्यांतून दिसत होतं. बर्व्यांनी दोघांवर अब्रुनुकसानीची फिर्याद लावली. मुंबईच्या हायकोर्टात खटला उभा राहिला आणि पत्रं बनावट ठरली.

बनावट पत्र रचणं म्हणजे काय, याचा जरा बारकाईने विचार करून बघा. त्या काळात खासगी लिखापढी बहुतेक मोडीत चाले. मोडी लिहिणारा आधी ओळभर शिरोरेघ ओढतो आणि मग बोरू शक्यतो न उचलता अक्षरामागून अक्षर त्या रेघेला लटकवत जातो. प्रत्येकाचं वळण वेगळं, जोडाक्षरं वेगळी. दुसऱ्याच्या हाताची नक्कल करायची तर आधी त्याची खरी पत्रं मिळवावी लागतात. म्हणजे कुणीतरी आतलं माणूस हवं, दप्तराला हात लावू शकणारं. मग मायना, सलगी, रोजच्या बारीकसारीक कामांचे उल्लेख. आणि या सगळ्याच्या मधोमध ते एक वाक्य, ज्यासाठी सारा उपद्व्याप केला. हे वाक्य वाचणाऱ्याला आधीच खरं वाटत असेल, तर निम्मं काम झालेलंच असतं. पुण्यातल्या दोन तरुणांना ते खरं वाटत होतं. खरं सांगायचं तर तेव्हाच्या महाराष्ट्रात ते कुणाला खोटं वाटलं असतं?

ज्यांनी ती पत्रं रचली त्यांच्या मनात पोरसवदा राजाविषयीची कणव होती की बर्व्यांवरचा डूख? की दरबारातल्या एका गटाचा दुसऱ्या गटावरचा डाव? कोर्टाला हा प्रश्न पडण्याचं कारण नव्हतं. कादंबरीकाराचं काम इथूनच सुरू होतं.

राजाला वाचवण्यासाठी केलेली फसवणूक आम्हाला परकी नाही. पन्हाळ्याच्या वाटेवर नेबापूर लागतं. तिथल्या शिवा काशीदने जुलै १६६० मध्ये शिवाजी महाराजांचं सोंग घेतलं, पालखीत बसला आणि सिद्दी जौहरच्या माणसांच्या हाती लागला. त्याआधी शरण येण्याची बोलणी लावून वेढा गाफील केला होता. तीही हूलच. त्या रात्री महाराज विशाळगडाच्या वाटेला लागले, बाजीप्रभूंनी खिंड लढवली, आणि शिवा काशीदला आपण आजही हात जोडतो. योग्यच आहे ते. ज्याने सोंग घेतलं त्यानेच त्याची किंमत मोजली, स्वतःच्या मानेने. सव्वादोनशे वर्षांनी चौथ्या शिवाजीच्या नावाने जे खोटं रचलं गेलं, त्याची किंमत भलत्याच माणसांनी मोजली. माझ्या मते सगळ्यात जास्त मोजली ती खुद्द महाराजांनी. पत्रं खोटी ठरल्यावर त्यांच्या छळाची तक्रार करणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडावर तो निकाल फेकता येणार होता.

जुलै १८८२ मध्ये टिळक-आगरकरांना चार महिन्यांची साधी कैद झाली. त्याआधी जामिनाचा प्रश्न आला तेव्हा जोतीराव फुल्यांनी खटपट केली आणि त्यांचे स्नेही रामशेठ उरवणे दहा हजार रुपयांना जामीन राहिले. फुले आणि टिळक यांची नावं आज आपण आमनेसामने उभी करतो, म्हणून हा तपशील मला मोलाचा वाटतो. इकडे कोल्हापुरात राजाराम कॉलेजच्या विद्यार्थ्यांनी खटल्याच्या मदतीसाठी नाटक केलं आणि त्यात गोपाळ कृष्ण गोखले हा तेव्हाचा कॉलेजकुमार होता, असं चरित्रकार नोंदवतात. मुदतीआधीच, २६ ऑक्टोबरला, दोघे सुटले तेव्हा त्यांचं वाजतगाजत स्वागत झालं. लोकांच्या लेखी ते निर्दोष होते, कायद्याच्या लेखी दोषी.

आणि कायदा चुकला नव्हता. हे आपल्याकडे कुणी फारसं म्हणत नाही, म्हणून मुद्दाम म्हणतो. बर्व्यांच्या जागी क्षणभर उभं राहून पाहा. आपण न लिहिलेली पत्रं आपल्या नावावर छापून येतात, आपण आपल्या धन्याच्या जिवावर उठलो आहोत असं सारा मुलूख बोलू लागतो. अशा माणसाने कोर्टात जाऊ नये तर कुठे जावं? तो इंग्रजांच्या मर्जीतला असेल, कारभारात कठोर असेल, आपल्याला आवडणारा नसेल. तरी त्याच्यावरचा तो पुरावा खोटा होता. न्याय मागण्याचा हक्क नावडत्या माणसालाही असतो, एवढं मान्य केलं की हा खटला एकदम अवघड होऊन बसतो.

तुरुंगातून सुटल्यावर आगरकरांनी ‘डोंगरीच्या तुरुंगातील आमचे १०१ दिवस’ हे छोटं पुस्तक लिहिलं. त्यात दोन मित्र एका कोठडीत रात्र-रात्र बोलत बसतात, वाद इतका रंगतो की पहारेकऱ्यांची झोपमोड होते. पुढे हेच दोघे एकमेकांपासून किती दुरावले हे ठाऊक असलेल्या वाचकाला ती पानं जड जातात. या तुरुंगवासाशी आगरकरांचं आणखी एक काम जोडलेलं आहे: शेक्सपिअरच्या ‘हॅम्लेट’चं त्यांनी केलेलं भाषांतर, १८८३ साली निघालेलं ‘विकारविलसित’. या निवडीपाशी मी पुन्हा पुन्हा जातो. वेडा समजला जाणारा राजपुत्र, पडद्याआड कान लावून उभा राहिलेला पोलोनियस, राजपुत्रावर पाळतीला लावलेले त्याचेच मित्र, आणि मधेच बदललेलं एक पत्र, जे वाहून नेणाऱ्यांच्याच मरणाचा हुकूम ठरतं. कोल्हापूरच्या पत्रांपायी तुरुंगात गेलेल्या माणसाने हे नाटक मराठीत आणताना काय काय ओळखलं असेल!

त्याच १८८३ च्या २५ डिसेंबरला चौथे शिवाजी महाराज वारले. त्यांना कोल्हापूरपासून दूर, अहमदनगरला ठेवलं होतं. ग्रीन नावाच्या गोऱ्या शिपायाशी झटापट झाली आणि त्यात ते गेले. वय वीस. म्हणजे पत्रं बनावट होती, पण ज्याच्यासाठी काळीज तुटत होतं त्या मुलाचा शेवट पहारेकऱ्याच्या हातीच झाला. कोर्टाचा निकाल बरोबर, लोकांची धास्तीही बरोबर. ही दोन सत्यं एकमेकांना खोडत नाहीत.

दहा-बारा वर्षांनी फ्रान्समध्ये ड्रायफस प्रकरण घडलं. तिथेही लष्करी हेरखात्यात पत्र रचलं गेलं आणि रचणारा कर्नल आंरी उघडा पडल्यावर १८९८ साली कोठडीत स्वतःचा जीव घेऊन मोकळा झाला. तिथे बाजू घेणं त्यामानाने सोपं जातं, कारण खोटा कागद निरपराध माणसाला चिरडण्यासाठी होता. त्या प्रकरणावर जगभर ग्रंथ निघाले, कादंबऱ्या आल्या. आमच्याकडे खोटा कागद दुबळ्याच्या बाजूने उभा होता. मला हे जास्त कठीण वाटतं आणि म्हणूनच जास्त लिहिण्याजोगं.

पुढचा पेच तर कुठल्याही लेखकाला सहज सुचला नसता. महाराजांच्या मागे मार्च १८८४ मध्ये कागलच्या घाटग्यांच्या घरातून दत्तक आले ते शाहू महाराज. वेदोक्त प्रकरणात शाहू महाराज आणि टिळक समोरासमोर उभे ठाकले. ज्या गादीच्या मालकासाठी टिळकांनी पंचविशीत तुरुंग सोसला, त्याच गादीच्या मालकाला वेदोक्त विधींचा अधिकार आहे की नाही या वादात ते विरोधकांच्या बाजूला होते. या वादात मी शाहू महाराजांच्या बाजूचा आहे, निःसंशय. पण म्हणून डोंगरीचे १०१ दिवस खोटे ठरत नाहीत. एकाच माणसाच्या आयुष्यात हे दोन्ही मावतं.

आपली रहस्यकथा खलनायक ओळखायला शिकवण्यात तरबेज झाली. आपल्याच बाजूचा खोटेपणा ओळखायला तिने फारसं शिकवलं नाही. आज मोबाइलवर रोज कुणाच्या तरी नावाची पत्रं, चित्रफिती, आवाज येऊन पडतात आणि आपल्या मनातलंच बोलणारी वस्तू आपण न तपासता पुढे पाठवतो. अशा दिवसांत बर्वे, आगरकर, ती पत्रं रचणारा निनावी हात आणि पहाऱ्यातला वीस वर्षांचा राजा या चौघांनाही सारखाच न्याय देणारी कादंबरी मराठीत यायला हवी. ती लिहिणारा कोल्हापूरचाच असावा असं काही नाही. पण त्याने कुणा एकाला पहिल्या पानावरच निर्दोष ठरवू नये, एवढी विनंती आहे. तोवर वाचकांनी आपल्या गावच्या वाचनालयात आगरकरांचं ते छोटं पुस्तक मागावं. फार तर दोन बैठकींत वाचून होतं.