पदरची वाक्यं

सोंगाड्याला दाद देताना लोक आधी त्याच्या जिभेचं कौतुक करतात. काय सुचतं बुवा याला! विनोदी कामं करणाऱ्या माझ्यासारख्याला हे ऐकायला गोड वाटतं, पण सुचणं हा या कामातला सोपा भाग आहे. गावच्या पारावर बसलेल्या निम्म्या मंडळींना सोंगाड्यापेक्षा जास्त सुचतं. सुचलेलं बोलून झाल्यावर कथेत परत कुठून शिरायचं आणि सुचलेल्यातलं किती गिळायचं, हे ज्याला कळतं त्याचीच पुढं वर्षानुवर्षं गाडी चालते.

जुन्या तमाशात वगाचे, म्हणजे त्यातल्या कथानाट्याचे, संवाद बहुधा लिहिलेले नसत. कथा, प्रसंगांचा क्रम आणि गाणी ठरलेली. बाकी ज्यानं त्यानं उभ्या उभ्या बोलायचं. यावरून वग म्हणजे मोकळं रान असा समज होतो. पण त्या रानाला कडक बांध असतात. राजाचा हुकूम सुटल्याशिवाय पुढचा प्रसंग उभा राहत नाही, गाण्याच्या आधीचा ठरलेला शब्द आला नाही तर ढोलकीवाला हात उचलून नुसता बघत बसतो. ‘गाढवाचं लग्न’ हा वग घ्या. शापानं गाढव झालेला गंधर्व राजकन्येला मागणी घालतो, हे प्रेक्षकांच्या गळी उतरवायचं तर आधी सावळ्या कुंभाराचा आणि गंगीचा संसार खरा वाटायला हवा. दादू इंदुरीकरांचा सावळ्या आणि प्रभा शिवणेकरांची गंगी यांनी तो खरा केला. सावळ्यानं राजाची, प्रधानाची, सगळ्या जगाची टर उडवावी. गाढवाच्या लग्नावरचा स्वतःचा विश्वास मात्र सोडू नये. तिथं एक जरी शेरा चुकीचा गेला, तर हशा मिळेल आणि वग बसेल. शिवाय त्या हशातला अर्धा वाटा गंगीचा असतो. ती चिडली नाही, तर सावळ्याचं बोलणं नुसतं हवेत जातं. इंदुरीकरांना 1973 साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. तमाशातल्या गंगीच्या वाट्याला असं कौतुक क्वचितच येतं, हा आमच्या धंद्यातला जुना अन्याय.

यावर एक रास्त शंका येते. काल टाळी घेतलेलं वाक्य आज पुन्हा आलं, तर ते उत्स्फूर्त कसलं? ते वाक्य उत्स्फूर्त नसतं, हे कबूल. प्रत्येक अनुभवी नटाकडे अशा वाक्यांचा साठा असतो आणि नसला तर तो प्रयोगात उघडा पडेल. ताजी असते ती निवड: आज, या गावात, समोरच्यानं आत्ता जे टाकलं त्यावर यातलं काय बसतं. दुसरी शंका लेखकाच्या बाजूची आहे आणि ती अधिक वजनदार आहे. 1965 साली रंगभूमीवर आलेलं ‘विच्छा माझी पुरी करा’ हे वसंत सबनीसांनी नीट बांधून लिहिलेलं लोकनाट्य. त्यात दादा कोंडक्यांचा हवालदार ताज्या राजकारणावर मनसोक्त घसरायचा. अशानं संहितेचं मातेरं होतं, हा आक्षेप दुबळ्या नटांच्या बाबतीत शंभर टक्के खरा आहे. पण ‘विच्छा’ मुळातच सत्तेच्या खुर्चीची आणि तिच्याभोवतीच्या लाळघोटेपणाची गोष्ट असल्यामुळे कोंडके कितीही लांब गेले, तरी हिंडून फिरून त्या खुर्चीपाशीच यायचे. सबनीसांनी बाहेर पडायला दारं ठेवली होती, म्हणून तर परतीची वाट होती.

पडद्यावर गेल्यावर हा हिशेब बिघडतो. कॅमेऱ्यासमोर हशा नसतो. पुढच्या वाक्याआधी किती थांबायचं, हे अंदाजानंच ठरवावं लागतं. कोंडके 1969 च्या ‘तांबडी माती’तून चित्रपटात आले, पण त्यांचा सूर लागला तो 1971 च्या ‘सोंगाड्या’त, स्वतः निर्माते असताना आणि लेखणी पुन्हा सबनीसांच्या हाती असताना. निळू फुले लोकनाट्यात लोकांना हसवत होते, चित्रपटानं त्यांना खलनायक करून टाकलं. त्यांचा प्रत्येक इरसाल पाटील समोरच्याचं बोलणं इतकं सावकाश, इतकं बारकाईनं ऐकतो, की हे ऐकणं वगातूनच आलेलं असणार असं मला वाटतं.

सावळ्या पुढं प्रकाश इनामदारांनीही केला. इंदुरीकरांची वाक्यं तोंडपाठ करून ते काम निभलं नसतं. त्या वाक्यांतला काळ सरला होता. कुठं कथा सोडली तर चालते आणि कुठं नाही, एवढंच जुन्या सावळ्याकडून घेण्यासारखं होतं, आणि ते कुठल्याच वहीत लिहिलेलं नव्हतं.