आठमध्ये चालेल का?

सिंगापूरमध्ये सहावीच्या शेवटी पीएसएलई ही देशव्यापी परीक्षा असते. १९६० पासून चालत आलेली. मूल कुठल्या माध्यमिक शाळेत जाणार, हे तिच्यावर ठरतं. भाचीच्या मुलाचं ते वर्ष होतं तेव्हा मी तिच्याकडे राहिले होते. फ्रिजवर क्लासचं वेळापत्रक लावलेलं: सोमवारी गणित, बुधवारी सायन्स, शनिवारी हिंदी. मातृभाषेच्या पेपरात हिंदी, गुजराती, बंगाली चालतात, मराठी नाही. त्यामुळे माझ्याशी मराठीत भांडणारं पोर मातृभाषा म्हणून हिंदीचे मुहावरे घोकत बसे.

सरकारला हा ताण कळत नाही असं नाही. पहिल्या आलेल्यांची नावं २०१२ पासून जाहीर होत नाहीत. २०२१ मध्ये इतरांशी तुलना करून गुण देणंही थांबलं. आता नव्वद आणि त्यापुढे पहिली श्रेणी, विसाच्या खाली आठवी. चार विषयांच्या श्रेणींची बेरीज करायची. चार आले तर सर्वोत्तम. पण एकोणनव्वद आणि नव्वद यांच्यामधली रेघ काही पुसली गेली नाही, नामवंत शाळांमधल्या जागाही वाढल्या नाहीत. रात्री भाची बोटांवर मोजायची, "गणितात एक, सायन्सला दोन, इंग्रजीला तीन, हिंदीला दोन. आठमध्ये चालेल का गं, मावशी?"

ही भाची चौथीत स्कॉलरशिपला बसली होती. जादा तास, सराव प्रश्नपत्रिका, सगळं तिनेही केलं. स्कॉलरशिप हुकली, दोन दिवस रडली, पण शाळा तीच राहिली. माझे आजोबा व्हर्नाक्युलर फायनल झालेले. त्या काळी सातवीच्या त्या एका परीक्षेवर मास्तरकी मिळे, घर उभं राही. त्यांनाही तेव्हा झोप लागली नसणार. परीक्षेवर किती काही टांगलंय, त्यावर तिचा भार ठरतो.

म्हणून सिंगापूरने २०२४ पासून माध्यमिकचे 'एक्सप्रेस' आणि 'नॉर्मल' हे कप्पे मोडले, ते मला गुणपद्धतीच्या बदलापेक्षा मोलाचं वाटतं. गणितात कच्चं असलेलं मूल आता इंग्रजी वरच्या पातळीवर शिकू शकतं. बाराव्या वर्षी मागे पडलेल्याला पुढे येण्याची वाट मोकळी हवी, मग परीक्षा खुशाल घ्या.

तोवर आपण नातेवाइकांनी एवढं करावं: निकालाच्या दिवशी फोन करून "किती आले?" असं विचारू नये.